आमच्या धोंड्याला बेट म्हणा : किनाऱ्याचे नकाशे करणाऱ्यांना खुलं पत्र

प्रति,
महाराष्ट्राच्या किनाऱ्यावरची बेटं मोजणारे, त्यांचे नकाशे करणारे आणि त्यांच्याविषयी निर्णय घेणारे सर्व अधिकारी

स. न. वि. वि.

मी मालवण तालुक्यातली निवृत्त शिक्षिका. माझे आजोबा आणि वडील दर्यावर जाणारे होते, भाऊ अजून जातो. मी मात्र शाळेत भूगोल शिकवला. मी आपल्याकडे एक साधा अर्ज केला होता. आमच्या वाडीसमोर समुद्रात एक धोंडा आहे, त्याची बेट म्हणून नोंद व्हावी, एवढंच त्यात म्हटलं होतं. आठ महिन्यांनी एका कार्यालयातून दोन ओळींचं उत्तर आलं : ‘सदर ठिकाणाचे क्षेत्र नगण्य असून ते बेट या संज्ञेत समाविष्ट होत नाही.’ कार्यालयाचं नाव मी लिहीत नाही. उत्तर देणाऱ्या माणसावर माझा राग नाही, त्याच्यासमोर तसा रकानाच नसावा. पण हे उत्तर मला मान्य नाही. का मान्य नाही ते चारचौघांत सांगावं, कारण असे धोंडे आमच्या एकट्या वाडीसमोर नाहीत, म्हणून हे पत्र उघड लिहिते आहे.

धोंड्याचं नावही मुद्दाम लिहीत नाही. अर्जात ते आहे. गेल्या दोन मोसमांत ज्या ज्या खडपाचं, म्हणजे समुद्रातल्या कातळाचं, नाव मोबाइलवर फिरलं, तिथे तिथे पर्यटकांच्या होड्या लागल्या.

ओहोटीला हा धोंडा लांबीला साठेक पावलं भरतो. उधाणाच्या, म्हणजे अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीला त्यातलं जे वर उरतं ते आमच्या ओटीएवढं. माझ्या आठवणीत हा उरलेला भाग भरतीच्या पाण्याखाली कधी गेलेला नाही. पावसाळ्यात लाटा त्याच्यावरून फुटतात ती गोष्ट वेगळी, लाट म्हणजे भरती नव्हे. पावसात त्याच्या भेगेत बोटभर गवत उगवतं आणि दिवाळीपर्यंत जळून जातं. वर सुरय पक्षी बसतात. ओहोटीला त्याच्या उगवतीकडच्या अंगाला आमच्या वाडीतल्या बायका कालवं काढतात, त्यात माझी आईही होती. बाबा शेवंडीची (लॉब्स्टरची) जाळी टाकताना या धोंड्याची आणि मागच्या डोंगराची खूण जुळवून जागा धरत. एकदा अवेळी सुटलेल्या वाऱ्यात पात (होडी) उलटली, तेव्हा माझे दोन काका रात्रभर या ओटीएवढ्या दगडाला धरून राहिले आणि सकाळी जिवंत सापडले. त्या रात्री भरती होती. जे नगण्य म्हणून आपण खोडलंत, ते त्या रात्री पाण्याच्या वर होतं.

आता व्याख्येकडे येते, कारण आपलं उत्तर व्याख्येवर उभं आहे.

शाळेच्या पुस्तकात बेटाची व्याख्या एका ओळीची असते : चारी बाजूंनी पाणी असलेला जमिनीचा भाग. मीही वर्षानुवर्षं तीच फळ्यावर लिहिली. पण मालवणची मुलं ती गपगुमान घेत नाहीत. दांडीच्या किनाऱ्यावरून पद्मगडाच्या बेटाला ओहोटीच्या वेळी वाळूवरून चालत जाता येतं. त्यामुळे दर वर्षी एक तरी मूल विचारायचंच, ‘बाई, चालत जातात ते बेट कसं?’ मी सांगायचे, सहा तास थांब आणि मग जाऊन दाखव. ‘चारी बाजूंनी पाणी’ हे अर्धंच सांगणं आहे. पाणी कुठल्या वेळचं, हा खरा प्रश्न.

माझ्या वडिलांनी शाळा चौथीत सोडली. त्यांची व्याख्या अशी होती : ‘उधाणाच्या भरतीक ज्याची टकली भिजणा नाय तां बेट. बाकीचे सगळे खडप.’

१९८२ साली संयुक्त राष्ट्रांचा समुद्र कायद्याचा करार झाला. भारताने तो १९९५ साली मान्य केला. त्याच्या १२१व्या कलमात बेटाची व्याख्या आहे : नैसर्गिकरीत्या तयार झालेला, पाण्याने वेढलेला आणि भरतीच्या वेळी पाण्याच्या वर राहणारा जमिनीचा भाग. क्षेत्रफळाचा त्यात शब्दही नाही. माणसं राहायला हवीत, झाड हवं, होडी लागायला हवी, असंही नाही. माझे बाबा आणि तो करार एकच गोष्ट सांगतात. बाबांची व्याख्या एका अर्थाने जास्त नेमकी आहे, कारण करारात नुसतं भरती म्हटलंय. भरती भांगाचीही (अष्टमीच्या आसपासची लहान) असते आणि उधाणाचीही, आणि दोन्हींच्या पाण्यात आमच्याकडे मोठाच फरक पडतो. आपल्या देशातल्या किनारा नियमनाच्या अधिसूचनेनेही भरतीरेषा ठरवताना उधाणाचंच सर्वोच्च पाणी धरलं आहे. म्हणजे आपला कायदाही बाबांच्याच बाजूचा.

याच १२१व्या कलमाचं तिसरं पोटकलम म्हणतं की ज्या खडकावर माणसाची वस्ती किंवा स्वतःचं अर्थजीवन टिकू शकत नाही, त्याला २०० सागरी मैलांचं आर्थिक क्षेत्र मिळणार नाही. दक्षिण चीन समुद्राच्या वादात २०१६ साली लवादाने याच आधारावर इतू आबा या जवळजवळ अर्धा चौरस किलोमीटरच्या, विहिरी आणि झाडं असलेल्या बेटालाही खडकाच्या वर्गात बसवलं. पण हे नीट वाचायला हवं. असा खडक बेटांच्या कलमातच बसतो, त्याचे हक्क तेवढे कमी होतात. १२ सागरी मैलांचा प्रादेशिक समुद्र त्यालाही मिळतोच. भर समुद्रात एकट्या उभ्या असलेल्या ओटीएवढ्या दगडाभोवती १२ सागरी मैल त्रिज्येचं वर्तुळ काढलं तर ते सुमारे १,५५० चौरस किलोमीटरचं होतं. मुंबई शहर आणि उपनगरं मिळून होतात त्याच्या अडीचपट. आमचा धोंडा किनाऱ्याला लागून आहे, त्याच्यामुळे देशाचा समुद्र वाढणार नाही, हे मला कळतं. मुद्दा एवढाच की ‘लहान आहे म्हणून बेट नाही’ असं जगातला कायदा म्हणत नाही.

माझी पहिली तक्रार हीच आहे, की आपण फूटपट्टीच चुकीची लावली. हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने २००१ साली कतार आणि बहारीन यांच्या वादात ‘कितात जरादाह’ या जागेचा निकाल दिला. भरतीच्या वेळी ती उरते अवघी १२ मीटर बाय ४ मीटर, आणि पाण्याच्या वर जेमतेम ०.४ मीटर. न्यायालय म्हणालं, हे बेट आहे. २०१२ साली निकाराग्वा आणि कोलंबियाच्या वादात किटासुएनो नावाच्या उथळ पट्ट्यातला एकच टोकदार भाग भरतीला वर राहतो असं ठरलं, तोही सुमारे ०.७ मीटर. तो पोवळ्यांच्या तुकड्यांचा आहे, अस्सल खडक नाही, असा आक्षेप होता. न्यायालयाने सांगितलं की तो कशाचा बनलाय हे महत्त्वाचं नाही, नैसर्गिक आहे का आणि भरतीला वर राहतो का, एवढंच पाहायचं. हेगच्या न्यायाधीशांनी वीतभर उंचीसाठी भरतीची गणितं तपासली. आमच्या धोंड्यापाशी उधाणात कुणी एकदाही आलेलं नाही.

क्षेत्रफळ नगण्य कसं ठरतं, तेही मला ठाऊक आहे. सर्व्हे ऑफ इंडियाच्या पन्नास हजारांत एक या प्रमाणाच्या नकाशावर एक मिलिमीटर म्हणजे जमिनीवरचे पन्नास मीटर. आमचा धोंडा त्यावर पेन्सिलीच्या टोकाएवढाही होत नाही. नाविकांच्या नकाशाचं मला याबाबत कौतुक वाटतं. भरतीत बुडणारा आणि ओहोटीत उघडा पडणारा खडक किती उघडा पडतो तो आकडा तिथे खाली रेघ ओढून छापतात, कारण न दाखवलेल्या खडकावर जहाज फुटतं. जमिनीच्या नकाशात न दाखवलेल्या खडकामुळे कुणाचं काही फुटत नाही, म्हणून तो राहून जातो.

पण तो राहून गेल्याने एक मोठी गोष्ट होते, आणि ही माझी दुसरी तक्रार. २०१९च्या किनारा नियमनात मुख्य भूमीजवळच्या बेटांना भरतीरेषेपासून २० मीटरपर्यंत बांधकामबंदी आहे. चाळीस मीटरपेक्षा अरुंद बेट या नियमाने आपोआप पूर्ण सुरक्षित होतं, त्याच्या मधोमधही काही बांधता येत नाही. पक्ष्यांच्या विणीच्या जागांना तर त्याहून कडक संरक्षण आहे. मात्र हे सगळं मिळायला त्या तुकड्याला नकाशात स्वतःची भरतीरेषा असावी लागते. रेषाच काढली नाही तर तो समुद्राच्याच रंगात रंगतो. कागदावर तिथे फक्त पाणी असतं, आणि उद्या कुणी त्या ‘पाण्यात’ खांब रोवायची परवानगी मागितली तर हरकत घ्यायला आमच्या हातात कागद नसेल.

वेंगुर्ल्याच्या समुद्रातल्या खडकांकडे पाहा. नकाशांवर त्यांना वेंगुर्ला रॉक्स म्हणतात, आमच्याकडे निवती रॉक. तिथे दीपगृह आहे, गोडं पाणी नाही, वस्ती नाही. आपल्या फूटपट्टीने तेही किरकोळच ठरतील. पण तिथल्या गुहांत भारतीय पाकोळी वीण करते, आणि ती आपल्या किनाऱ्यावर मोजक्याच ठिकाणी करते. हुमायून अब्दुलअलींनी या खडकांवरच्या सुरयांवर आणि पाकोळ्यांवर १९४२ साली मुंबईच्या निसर्ग इतिहास संस्थेच्या नियतकालिकात निबंध लिहिला. लाळेने चिकटवलेली ती घरटी परदेशात सूपसाठी विकली जातात, म्हणून या शतकाच्या सुरुवातीला तिथे चोरी चालली होती. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेने स्थानिकांना हाताशी धरून तिथे राखण केली. सरकारी यादीच्या आधी तिथे माणसं पोचली होती, हे लक्षात घ्यावं. आता निवती रॉकजवळच नौदलाची निवृत्त युद्धनौका ‘गुलदार’ बुडवून तिथे पाण्याखालचं पर्यटन उभं करण्याची योजना आहे. पर्यटनाला माझा विरोध नाही, आमच्या तालुक्यातली निम्मी घरं त्यावर चालतात. पण विणीच्या काळात गुहांच्या तोंडाशी होड्या किती जवळ येणार, हे ठरवायचं तर आधी ती गुहा ज्या खडकाच्या पोटात आहे, त्याची हद्द कागदावर हवी.

तिसरी तक्रार लिहिताना मला जरा जड जातंय. देवबागला कर्ली नदीच्या मुखाशी वाळूचा एक पट्टा आहे. २००४च्या त्सुनामीनंतर तो वर आला असं सांगतात, आणि सुनामी आयलंड म्हणून तो प्रसिद्ध आहे. तिथे पर्यटकांना नेऊन पोट भरणारी कित्येक मुलं माझ्या वर्गात बसलेली आहेत, त्यांच्या धंद्याला मी कधीही नाव ठेवणार नाही. पण भरती चढली की तो पट्टा पाण्याखाली जातो. समुद्राच्या कायद्यात अशा जागेला वेगळा वर्ग आहे, ओहोटीला उघडी पडणारी जमीन. ते बेट नव्हे. भरतीला बुडणाऱ्या वाळूला बेटाची पाटी मिळते आणि उधाणातही न बुडणाऱ्या कातळाला नगण्य म्हणतात, याचं मला मनापासून वाईट वाटतं. त्यात धोकाही आहे. बेट म्हटलं की परका माणूस समजतो, इथे उभं राहता येईल. पाणी चढायला लागलं की वाळूवर किती वेळ उरतो हे त्याला कोण सांगणार?

भाषेचं थोडं बोलते, कारण व्याख्या तिथेही आहेच. आपल्याकडे एका बेटाला किती शब्द आहेत ते पाहा. खाडीतलं, गाळाचं, माडांचं आणि माणसांचं ते जुवा. राजापूरच्या जैतापूर खाडीत जुवे गाव आहे, आमच्या तालुक्यात जुवे-पाणखोल आहे, गोव्यात सांतु इश्तेव्हला लोक जुवेंच म्हणतात. समुद्रातला किल्ला तो जंजिरा, आणि मूळ अरबी शब्दाचा अर्थच बेट. ओहोटीला उघडं पडतं ते खडप. एकटा उभा राहतो तो धोंडा. मालवणच्या किनाऱ्यावरचा मोरयाचा धोंडा पुजून महाराजांनी १६६४ साली समोरच्या कुरटे बेटावर सिंधुदुर्गाची पायाभरणी केली. बांबूच्या झुंबडीलाही आपण बेटच म्हणतो, आजूबाजूच्या रानापासून सुटं उभं राहिलेलं काहीतरी. इतके बारीक भेद करणाऱ्या माणसांना विचारलं असतं तर त्यांनी आपल्याला यादी करून दिली असती. आपल्या यादीत आमचे शब्द नाहीत. कुठे नुसतं ‘रॉक’, कुठे कोरी जागा. आमच्या धोंड्याचं नाव सांगू शकणारी माणसं वाडीत आता अकरा उरली आहेत. मी मोजली आहेत.

सगळीकडे असंच होतं असं नाही. स्कॉटलंडच्या १८६१च्या जनगणनेत निदान एका मेंढीला पुरेल एवढा चारा असलेला किंवा माणूस राहत असलेला, पाण्याने वेढलेला तुकडा म्हणजे बेट, असा नियम होता. तो त्यांच्या जगण्यातून आला होता, त्यांच्याकडे मेंढ्या होत्या. आमच्याकडे कालवं आहेत, शेवंडी आहेत, जाळ्याची खूण आहे.

किल्ल्यांबद्दल थोडक्यातच लिहिते. २०२५ साली युनेस्कोच्या यादीत मराठ्यांचे बारा किल्ले गेले. त्यात सिंधुदुर्ग, सुवर्णदुर्ग आणि खांदेरी आहेत, याचा मला फार आनंद आहे. पण सिंधुदुर्गाचा शेजारी पद्मगड आणि खांदेरीचा शेजारी उंदेरी त्यात नाहीत. खांदेरीचा इतिहास उंदेरीशिवाय सांगताच येत नाही. १६७९मध्ये मराठ्यांनी खांदेरी बांधायला घेतली, त्याला उत्तर म्हणून सिद्दीने पुढच्याच वर्षी उंदेरी धरली. धाकट्या बेटांची निदान डागडुजी तरी थोरल्यांच्या बरोबरीने व्हावी.

आणि शेवटची तक्रार, जिची मला सगळ्यात जास्त भीती वाटते. लहान बेटं जातात. बंगालच्या उपसागरात १९७०च्या चक्रीवादळानंतर न्यू मूर नावाचं बेट वर आलं, बांगलादेश त्याला दक्षिण तलपट्टी म्हणे. दोन्ही देश त्यावर हक्क सांगत राहिले, आणि २०१० साली जादवपूर विद्यापीठाच्या शास्त्रज्ञांनी उपग्रहाची छायाचित्रं पाहून सांगितलं की बेट पाण्याखाली गेलं. लक्षद्वीपमधलं पराली-१ हे निर्मनुष्य बेट धुपून संपल्याचं २०१७ साली बाहेर आलं. तेव्हा हे कळू शकलं, कारण १९६८ सालचं त्याचं माप नोंदलेलं होतं. आमच्या धोंड्याचं कुठलंच माप नाही. उधाणात आज त्याचं डोकं किती वर राहतं, हे कुणी लिहून ठेवलेलं नाही. भाऊ म्हणतो, बाबांच्या वेळेपेक्षा आता पाणी वर चढतं. त्याचं खरं की आठवणीचा घोळ, हे मी शिक्षिका असूनही सांगू शकत नाही, कारण ताडून बघायला आकडाच नाही. समुद्र चढतो आहे असं सगळे म्हणतात. तो किती चढला हे सगळ्यात आधी जिथे दिसेल, ते हे धोंडेच ना?

माझ्या मागण्या साध्या आहेत.

उधाणाच्या भरतीला ज्याचा कुठलाही भाग वर राहतो, तो प्रत्येक नैसर्गिक तुकडा बेट म्हणून नोंदवा, मग तो ओटीएवढा का असेना. प्रत्येकाची भरतीरेषा किनारा व्यवस्थापनाच्या नकाशावर काढा. नकाशाचं प्रमाण पुरत नसेल तर निदान अक्षांश, रेखांश आणि उधाणातली उंची एवढी एक ओळ तरी यादीत ठेवा. दर पाच वर्षांनी ती उंची पुन्हा मोजा आणि आकडे गावाला दाखवा.

नावं गावात येऊन विचारा, आणि ती मच्छीमारांना विचारा. होडीवरच्या पुरुषांबरोबर कालवं काढणाऱ्या बायकांनाही विचारा, कारण खडपाच्या अंगांची नावं त्यांनाच जास्त माहीत आहेत. ही नावं नोंदवहीत जाऊ द्या, पर्यटनाच्या पत्रकात नकोत.

भरतीला बुडणाऱ्या वाळूच्या पट्ट्यांवर तसा स्पष्ट फलक लावा, त्या दिवसाच्या भरतीची वेळ लिहून.

पाकोळ्यांच्या गुहांपासून विणीच्या काळात होड्यांनी किती अंतर राखायचं ते ठरवा, आणि राखणीचं काम निवती-वेंगुर्ल्याच्याच माणसांना द्या.

आणि हे विशेष लक्षात घ्या : नोंद म्हणजे हकालपट्टी नव्हे. १९८७ साली मालवणचं सागरी अभयारण्य जाहीर झालं तेव्हा पद्मगडाभोवतीचा समुद्र त्याच्या गाभा क्षेत्रात गेला. आमच्याशी न बोलता रेघ ओढली गेली, ही भावना घराघरांत अजून आहे. आता मी नोंद मागते आहे म्हटल्यावर माझा सख्खा भाऊ मला म्हणाला, ‘बाय, तू आमच्या पोटार पाय देतंस.’ त्याला मी शब्द दिला आहे. गरी, जाळं आणि ओहोटीची कालवं हे हक्क त्याच नोंदीत, त्याच पानावर लिहिले जावेत. तसं होणार नसेल तर माझा अर्ज मी मागे घेईन.

आपल्यापैकी कुणालाही हे तपासायचं असेल तर यावं. येताना जाड फाइल नको, मोजपट्टी आणा. आमच्याकडे भरतीची वेळ तिथीवरून काढतात. तिथीची पाऊणपट केली की ढोबळ तास येतो, चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. अमावास्येला आणि पौर्णिमेला पाणी दुपारच्या आसपास पूर्ण चढतं, आणि उधाणही तेव्हाच असतं. नारळी पौर्णिमेनंतर समुद्र निवळला की पहिल्या अमावास्येला या. सकाळी दहाच्या आत वाडीवर पोचा, म्हणजे पाणी चढताना दिसेल. होडी भावाची असेल. धोंड्यावर एका वेळी तीनच माणसं उभी राहू शकतात, त्यामुळे जास्त जण आलात तर पाळीपाळीने न्यावं लागेल.

आपली,
मालवण तालुक्यातील एक निवृत्त शिक्षिका